पदवीदान समारंभाला पाहुणे म्हणून जाताना पुरुषांनी काय घालावं?

प्रश्न असा आला आहे: मुलीचा पदवीदान समारंभ दोन महिन्यांवर आहे. निमंत्रणात तारीख, वेळ, जागा सगळं दिलंय, पण पाहुण्यांच्या पोशाखाबद्दल एक अक्षर नाही. घरातून तीन पुरुष जाणार: वडील, आजोबा आणि बारा वर्षांचा धाकटा भाऊ. सूट लागेलच का, टाय हवी का, समारंभ उघड्यावर असेल तर उन्हात कोटाचं काय करायचं आणि आजोबांचा कपाटातला जुना कोट चालेल का, असं वडिलांनी विचारलंय.

मी पुरुषांचे कोट-पँट शिवतो आणि तयार घेतलेले कपडे अंगाला बसवून देतो. पदवीदानाचा मोसम आला की हेच प्रश्न घेऊन वडील, काका, मामा, भाऊ येतात. म्हणून उत्तर जरा सविस्तर देतो.

आधी निकाल सांगून टाकतो. गडद निळा किंवा मध्यम राखाडी सूट, नाहीतर निळा ब्लेझर आणि राखाडी पँट. आत पांढरा किंवा फिकट निळा, साधा, पूर्ण बाहीचा शर्ट. पायात पॉलिश केलेले चामड्याचे बूट. टाय असली तर उत्तम, नसली तरी काही बिघडत नाही. एवढ्यावर तुम्ही जगातल्या बहुतेक कुठल्याही विद्यापीठात शोभून दिसाल. कठीण भाग पुढे आहे: हेच कपडे तीन तास बसून, टाळ्या वाजवून, उन्हात उभं राहूनही नीट दिसले पाहिजेत.

सगळ्यात आधी गाऊनचा विचार करा, कारण तुमचे कपडे त्याच्या शेजारी दिसणार आहेत. मध्ययुगीन युरोपातल्या विद्यापीठांत शिकणारे-शिकवणारे बहुतेक चर्चशी जोडलेले असत आणि थंड इमारतींत लांब झगे घालून बसत. आजचा गाऊन त्याच झग्यातून आला. बऱ्याच ठिकाणी तो काळा असतो आणि रंग येतो हूडमधून, म्हणजे गळ्यातून पाठीवर सोडलेल्या रंगीत अस्तराच्या कापडातून. अमेरिकेत १८९५ साली या पोशाखाची एक सामाईक संहिता ठरली. तिच्यानुसार हूडच्या मखमली कडेवरून विद्याशाखा ओळखता येते: वैद्यकाला हिरवा, कायद्याला जांभळा, विज्ञानाला सोनेरी पिवळा, अभियांत्रिकीला नारिंगी. आतलं अस्तर विद्यापीठाच्या रंगांचं. ब्रिटनमध्ये तर प्रत्येक विद्यापीठाची रीत वेगळी. म्हणजे तुमच्या मुलीच्या अंगावर आधीच एक मोठा गडद आकार आहे आणि एक उठून दिसणारा रंग आहे. तिच्या दोन्ही बाजूंच्या पुरुषांनी आणखी दोन भडक रंग आणले की फोटोत तिच्यावरची नजर हलते. पाहुण्याच्या कपड्यांची सगळी निवड मी याच एका गोष्टीवरून करतो.

काळा सूट मी सुचवत नाही, तोही याच कारणाने. पुष्कळांना तो सगळ्यात बिनधोक वाटतो. पण भर उजेडात काळं कापड सपाट दिसतं, त्यावरचा प्रत्येक धागा आणि धुळीचा कण डोळ्यांत भरतो, आणि काळ्या गाऊनला खेटून उभं राहिलं की दोघांच्या कडा एकमेकांत मिसळतात. वडिलांचा खांदा कुठे संपला आणि मुलीची बाही कुठे सुरू झाली ते फोटोत कळत नाही. निळा आणि राखाडी रंग गाऊनपासून सुटे दिसतात. घरात काळा एकच सूट असेल आणि दुसरा घेणं शक्य नसेल तर तोच घाला, फक्त शर्ट फिकट निळा ठेवा आणि टाय मरून किंवा गडद हिरव्यासारखी, थोडा रंग असलेली. सॅटिनची कॉलर असलेला टक्सिडो मात्र नको. तो संध्याकाळी सहानंतरचा पोशाख आहे आणि पदवीदान बहुधा दिवसाढवळ्या असतं.

पांढरा किंवा क्रीम सूटही टाळा. तो उठून दिसतो आणि शेकडो लोक बसून गेलेल्या खुर्चीवरून उठताना मागे काय लागलंय ते तुम्हाला दिसत नाही. बारीक आणि जवळजवळ रेघांचा किंवा अगदी लहान चौकड्यांचा शर्टही शक्यतो नको. डिजिटल कॅमेऱ्यात अशा विणीवर लाटांसारखे विचित्र पट्टे उमटतात, आणि ते नंतर पुसून काढणं फार अवघड असतं. चकाकणारं पॉलिएस्टर कापड फ्लॅशमध्ये प्लास्टिकसारखं चमकतं. दुकानाच्या दिव्याखाली ते छान दिसतं, म्हणूनच लोक फसतात. कापड दाराशी, दिवसाच्या उजेडात नेऊन बघा.

आता जागेबद्दल. निमंत्रणात पोशाख लिहिलेला नसला तरी जागा लिहिलेली असते, आणि तिच्यावरून निम्मी उत्तरं मिळतात. ऑक्सफर्डमध्ये समारंभ शेल्डोनियन थिएटरमध्ये होतात. क्रिस्टोफर रेन यांनी रचलेली, १६६९ साली पूर्ण झालेली ती इमारत देखणी आहे, पण पाहुण्यांना तिथल्या अरुंद, टणक बाकांवर दाटीवाटीने बसावं लागतं. हार्वर्डचा मुख्य समारंभ मे महिन्याच्या अखेरीस उघड्या प्रांगणात होतो. ऊन असो वा पाऊस, तुम्ही खुर्चीवर बसून असता. कित्येक विद्यापीठं क्रीडा स्टेडियम वापरतात. तिथे सिमेंटच्या किंवा धातूच्या पायऱ्या चढायच्या असतात, पिशवीच्या आकारावर मर्यादा असते आणि छत्रीला बऱ्याचदा मनाई असते. वातानुकूलित सभागृह असेल तर उलट प्रकार: पहिल्या तासानंतर पातळ शर्टात थंडी वाजू लागते. म्हणून विद्यापीठाने पाहुण्यांसाठी दिलेल्या सूचना आधी वाचा, मग कपाट उघडा. ऑक्सफर्डसारख्या ठिकाणी पदवी घेणाऱ्यांना गडद सूट, पांढरा शर्ट असा ठरलेला वेश सक्तीचा असतो. तो वाचून पाहुणे घाबरतात, पण तो नियम त्यांच्यासाठी नसतो.

बसणं हा या दिवसातला खरा त्रास आहे. शेकडो नावं पुकारली जातात, त्यात तुमच्या घरचं एक. म्हणून कपडे निवडताना आरशासमोर उभं राहून ठरवू नका. ट्रायलला माझ्याकडे एक बुटका स्टूल ठेवलेला असतो. कोट-पँट घालून मी माणसाला त्यावर बसवतो आणि गप्पा मारत राहतो. पाच-सात मिनिटांत खरं काय ते कळतं: कंबर रुतते का, मांडीवर कापड ताणतं का, गुडघ्याला पँट किती वर सरकते, पाठीमागे शर्ट बाहेर येतो का. उभं असताना अंगाला छान चिकटलेली पँट बसल्यावर शत्रू होते. कमरेत दोन बोटं आरामात जावीत आणि मांडीवर चिमटीत थोडं कापड यावं, एवढी ढिलाई ठेवा. पोट सुटलेलं असेल तर पँट पोटाखाली ढकलून पट्ट्याने आवळू नका. बेंबीजवळ, खऱ्या कमरेवर नेसवा. बसताना ती जागा फारशी रुंदावत नाही, पट्टा रुतत नाही आणि उभं राहिल्यावर पायही लांब दिसतात.

कोटाच्या बाबतीत सगळे खांदे बघतात आणि ते बरोबरच आहे: खांद्याची शिवण तुमच्या हाडाच्या टोकाशी संपली पाहिजे, त्यापुढे लोंबता कामा नये. पण पदवीदानाला त्याहून महत्त्वाची जागा म्हणजे मुंढा, म्हणजे बगलेशी बाही जिथे कोटाला जोडली जाते ते भोक. त्या दिवशी तुम्ही टाळ्या वाजवणार, फोन डोक्यावर धरून व्हिडिओ घेणार, मुलीला कवेत घेणार. हात वर गेला की काय होतं ते मुंढ्यावर अवलंबून असतं. लोकांचा समज असा की मुंढा खोल आणि सैल असला की हात मोकळा राहतो. होतं नेमकं उलट. मुंढा खोल असला की बाही धडाला खूप खाली जोडली जाते. मग हात उचलला की बाहीबरोबर कोटाची अख्खी बाजू वर ओढली जाते, कॉलर मानेपासून सुटते आणि खांद्यावर फुगा येतो. मुंढा बगलेच्या जवळ, उंचावर कापलेला असेल तर बाही स्वतंत्र हलते आणि कोट जागच्या जागी राहतो. आरशासमोर कोटाचं बटण लावून हात डोक्यापर्यंत न्या. कोटाचा खालचा घेर दोन-चार सेंटीमीटर वर आला तर चालेल. पोटावरचा शर्ट आणि पट्टा दोन्ही उघडे पडले तर तो कोट घेऊ नका. हा दोष नंतर दुरुस्त होत नाही. खोल कापलेल्या मुंढ्यात कापड परत आणायला जागाच नसते. लांबी, कंबर, बाही यांच्यातलं बरंच काही आम्ही सुधारू शकतो, पण मुंढा आणि खांदा विकत घेतानाच नीट पाहिजेत.

बाकीची मापं पटकन सांगतो. कोटाच्या बाहीबाहेर शर्टाचा कफ एक ते दीड सेंटीमीटर दिसावा. कोटाची कॉलर शर्टाच्या कॉलरला मागून टेकलेली असावी, मध्ये फट नको. कोटाची लांबी बसायची जागा झाकेल इतकी. पँटची मोहरी बुटाला जेमतेम टेकावी, घोट्यावर चुण्यांचा ढीग नको. दोन बटणांच्या कोटाचं वरचंच बटण लावायचं, तीन बटणांच्या कोटाचं मधलं. सगळ्यात खालचं कधीच नाही, कोटाची कापणीच तशी असते. बसताना बटण सोडा, उठताना लावा. दुहेरी छातीचा कोट बसल्यावरही बंद ठेवावा लागतो, म्हणून लांबलचक समारंभाला मी तो सुचवत नाही.

उन्हाचा प्रश्न कापडाने सुटतो, कोट घरी ठेवून नव्हे. गरमीत लोकरीचं नाव काढलं की माणसं दचकतात. पण उन्हाळी विणीची पातळ लोकर, मीटरला साधारण २२० ते २७० ग्रॅम वजनाची, या कामाला फार चांगली. लोकरीचा तंतू हवेतली आणि अंगातली वाफ शोषतो, अगदी स्वतःच्या कोरड्या वजनाच्या सुमारे ३० टक्क्यांपर्यंत, आणि तरी अंगाला ओला लागत नाही. त्याच्या नैसर्गिक कुरळेपणामुळे सुरकुती रात्रभर टांगून ठेवलं की आपोआप सुटते. लिनन त्याहून गार वाटतं, पण पहिल्या अर्ध्या तासातच मांडीवर आणि कोपरात चुरगळतं आणि तसंच राहतं. लिननचा तो स्वभाव ज्यांना आवडतो त्यांनी जरूर घालावं. फोटो समारंभानंतर काढणार असाल तर लोकर आणि लिनन मिसळलेलं कापड बघा.

विक्रेता तुम्हाला ‘सुपर १५०’, ‘सुपर १८०’ असे आकडे दाखवील. तो आकडा तंतूच्या बारीकपणाचा असतो. सुपर १०० म्हणजे तंतूची सरासरी जाडी जास्तीत जास्त १८.७५ मायक्रॉन, सुपर १२० म्हणजे १७.७५. आकडा वाढला की कापड मऊ होतं, पण नाजूकही होतं आणि लवकर चुरगळतं. तासन्तास बसायचं असेल तर १०० ते १२० पुरे.

याहूनही जास्त फरक अस्तराने पडतो आणि त्याकडे कुणी बघत नाही. पातळ लोकरीच्या कोटाला आतून पूर्ण पॉलिएस्टरचं अस्तर लावलेलं असेल तर लोकरीचा फायदा संपला, घाम आतच कोंडतो. अर्धं अस्तर असलेला, म्हणजे पाठीचा खालचा भाग उघडा असलेला कोट मागा, किंवा व्हिस्कोस अथवा क्युप्रो या वनस्पतीजन्य, घाम शोषणाऱ्या धाग्यांचं अस्तर. कोट उलटा करून पाठीचं कापड उजेडासमोर धरा आणि तोंडाने फुंकर मारून बघा; हवा आरपार जात असेल तर उन्हात तरून जाल. रंगही जरा उघडा घ्या: फिकट राखाडी किंवा मध्यम निळा. गाडीतून येताना कोट हँगरला टांगा, प्रवेशद्वाराशी अंगावर चढवा. उन्हात बसल्यावर काढून मांडीवर घेतलात तर कुणाला गैर वाटत नाही, फक्त पदवीधरांची मिरवणूक येताना उभे राहाल तेव्हा आणि फोटोच्या वेळी घाला. टोपीला मैदानात हरकत नाही, पण काठ लहान असू द्या, मागच्यांना मंच दिसला पाहिजे. राष्ट्रगीताच्या वेळी आणि सभागृहात शिरताना ती उतरवायची. चष्म्याची काच उन्हात काळी होणारी असेल तर एक साधा चष्मा खिशात ठेवा. वडिलांचे डोळेच न दिसणारे कितीतरी फोटो लोक मला नंतर आणून दाखवतात.

टायबद्दल माझं मत असं. पदव्युत्तर पदवी असो वा डॉक्टरेट, जुनं विद्यापीठ असो वा बंद सभागृह, टाय बांधा. ती सन्मान दाखवते आणि काढणं सोपं असतं. नसलेली टाय मात्र ऐन वेळी आणता येत नाही. मैदानात, कडक उन्हात, शाळेच्या किंवा लहान महाविद्यालयाच्या समारंभात ती नसली तरी चालेल, पण मग शर्टाची कॉलर उभी राहणारी हवी. टायशिवाय मऊ कॉलर कोटाखाली कोसळते आणि माणूस दमलेला दिसतो. कॉलरच्या टोकांत घालायच्या पट्ट्या आहेत का ते बघा. टायचं टोक पट्ट्याच्या बकलापाशी यावं आणि टायची रुंदी कोटाच्या लॅपलशी, म्हणजे छातीवर मागे दुमडलेल्या पट्टीशी, जुळावी. साधी, फार जाड न होणारी गाठ बांधा. मुलीला तिच्या हूडचा रंग विचारून त्याच रंगाची गडद, दबकी छटा टायसाठी घेतली तर फोटोत फार सुंदर मेळ बसतो. हिरव्या हूडशेजारी बाटलीचा गडद हिरवा, नारिंगीशेजारी विटकरी. अगदी तोच भडक रंग घेऊ नका. खिशात रुमाल ठेवायचा असेल तर पांढरा, सरळ घडीचा. टाय आणि रुमाल एकाच कापडाचे नकोत. कोटाच्या कॉलरला फूलही नको, ते लग्नातल्या यजमानाचं लेणं आहे.

घरातल्या तिघांनी एकाच रंगाचे कपडे शिवायचे का, असंही विचारतात. नको. एकाचा गडद निळा, दुसऱ्याचा राखाडी, तिसऱ्याचा निळा स्वेटर अशा जवळच्या छटा ठेवल्या की घर एक दिसतं आणि कुणी बँडवाला वाटत नाही.

बुटांवर थोडं थांबतो, कारण त्या दिवशी चालणं अंदाजापेक्षा जास्त होतं. गाडी लांब लावावी लागते, गवतातून जावं लागतं, पायऱ्या चढाव्या लागतात. नवे बूट त्या दिवशी पहिल्यांदा घालू नका. आधीचे काही आठवडे घरात रोज थोडा वेळ घालून मऊ करा. सूटवर काळे किंवा गडद तपकिरी लेसचे बूट, ब्लेझरवर लोफरही चालतात. चामड्याचा गुळगुळीत तळवा ओल्या गवतावर आणि घासून गुळगुळीत झालेल्या पायरीवर घसरतो, त्याला मोची पातळ रबर लावून देतो. तेवढं नक्की करून घ्या. मोजे पोटरीपर्यंत पोहोचणारे हवेत. बसल्यावर पँट चांगली वीतभर वर सरकते आणि आखूड मोजा घातलेला असेल तर उघडी, केसाळ नडगी मंचावरून आणि फोटोतूनही दिसते. मोज्याचा रंग पँटचा ठेवा. पांढरे स्पोर्ट शूज अनौपचारिक समारंभात तरुण भावाला खपून जातील, वडिलांना नाही.

आजोबांचा जुना कोट. हा प्रश्न मला सगळ्यात आवडतो, कारण बहुतेक वेळा उत्तर ‘हो’ असतं. जुन्या शिवणकामात दाबाचं, म्हणजे शिवणीच्या आतलं जादा कापड सढळ हाताने सोडलेलं असतं, त्यामुळे कंबर वाढवता येते, बाही उतरवता येते. फक्त शिवण उसवल्यावर आतलं कापड गडद आणि बाहेरचं उन्हाने विटलेलं असं दिसतं का, आणि जुन्या घडीची रेघ राहते का, ते एका कोपऱ्यात थोडं उसवून आधी तपासून घ्या. ती रेघ पुष्कळदा वाफेने जाते, पण विटलेल्या रंगावर इलाज नाही. खांदे फार रुंद आणि गादीचे असतील तर गादी पातळ करता येते. खांदा आत घ्यायचा तर मात्र बाही पूर्ण सोडवावी लागते. ते काम महाग आणि वेळखाऊ आहे, कोट खरोखर चांगल्या कापडाचा असेल तरच करा.

वयाबरोबर अंग बदलतं आणि ते फार थोडे लोक लक्षात घेतात. पाठीला पोक आलं की पाठीची लांबी वाढते आणि छातीची कमी होते. जुना कोट मग मागून उचलला जातो, पुढून लोंबतो आणि कॉलर मानेपासून सुटून उभी राहते. आजोबा बारीक झालेत म्हणून कोट सैल दिसतो, असं घरच्यांना वाटतं आणि ते कंबर आत घ्यायला सांगतात. त्याने कोट आणखी वर चढतो. इथे पाठीच्या वरच्या भागात लांबी द्यावी लागते. कापड शिल्लक नसेल तर जमत नाही. तसं असेल तर कोटाचा हट्ट सोडा. चांगल्या लोकरीचं, बटणांचं कार्डिगन, आत कॉलरचा शर्ट आणि टाय. या वेशात वृद्ध माणूस अतिशय रुबाबदार दिसतो आणि वातानुकूलित सभागृहात त्याला ऊबही मिळते. पट्ट्याऐवजी खांद्यावरून जाणारे सस्पेंडर लावा, म्हणजे पोटावर दाब येत नाही आणि दर वेळी उठताना पँट सावरावी लागत नाही. बूट रुंद पंजाचे, न घसरणारे. त्यांना व्हीलचेअर लागत असेल तर कोट मागून थोडा आखूड बरा, नाहीतर तो अंगाखाली गोळा होऊन टोचतो.

बारा वर्षांच्या मुलाला ‘वाढत्या अंगाचा’ म्हणून दोन मापं मोठा सूट घेऊ नका. त्यात तो दिवसभर अस्वस्थ राहील. ब्लेझर घेतलाच तर खांदा आजच्या मापाचा घ्या, आणि बाहीच्या व पँटच्या आत चार-पाच सेंटीमीटर कापड दुमडून ठेवायला सांगा. पुढच्या वर्षी तुरपाई सोडून ते खाली आणता येतं. खरं तर सुती पँट, पूर्ण बाहीचा शर्ट आणि वर बिनबाह्यांचा स्वेटर एवढंही त्याला छान दिसतं.

पारंपरिक पोशाख चालेल का? जगभर चालतो आणि शोभतो. स्कॉटलंडचा किल्ट (पुरुषांचा चौकड्यांचा घागरा), फिलिपिन्सचा बारोंग (पातळ कापडाचा भरतकामाचा सदरा), बंद गळ्याचा कोट, सगळे मी पदवीदानाच्या फोटोंत पाहिलेत आणि सुंदर दिसलेत. कसोटी तीच: गाऊनशेजारी तो शांत दिसतो का, आणि तीन तास बसता येतं का. लग्नासाठी केलेला, जरीने भरलेला वेश इथे जड होतो. तुमच्याकडे स्वतःची डॉक्टरेट असली तरी स्वतःचा गाऊन घालून जायचं ते विद्यापीठाने मिरवणुकीत बोलावलं असेल तरच. प्रेक्षकांत बसताना नाही.

जीन्सबद्दल स्पष्ट सांगतो: माझ्याकडे कुणी विचारलं तर मी नको म्हणतो. गडद, न फाटलेली जीन्स ब्लेझरखाली वावगी दिसत नाही हे खरं आहे, पण ज्या मुलीने वर्षानुवर्षं अभ्यास केला तिच्या दिवशी पँट बदलण्याएवढे कष्ट घ्यायला काय हरकत आहे? हाफ पँट, टी-शर्ट, घोषणा छापलेले कपडे यांचा विचारही करू नका.

आता तयारी. दोन महिने हातात आहेत ते भरपूर आहेत, पण शेवटच्या पंधरा दिवसांत शिंप्याकडे गर्दी असते. कोट आणि पँट आताच बसवायला द्या. ट्रायलला त्या दिवशीचेच बूट आणि तोच शर्ट घालून जा, नाहीतर पँटची लांबी आणि बाही दोन्ही चुकतात. नवा कोट आणल्यावर तीन ठिकाणचे टाके बघायचे असतात: बाहीवर बाहेरून टाचलेलं कंपनीचं लेबल आणि मागच्या कटावरचा फुलीचा टाका, हे दोन्ही उसवायचेच, आणि खिशांची तोंडं बंद करणारी कच्ची शिवण, ती हवी तर. पहिल्या दोन्ही तशाच ठेवून समारंभाला आलेले लोक दर वर्षी दिसतात. कच्चे टाके छोट्या कात्रीने एकेक कापा, ओढू नका. बाहेरच्या खिशांची शिवण ठेवली तर उत्तमच, खिसे लोंबत नाहीत. फोन आणि निमंत्रण आतल्या खिशात, किल्ल्या गाडीत किंवा घरच्या कुणाच्या पिशवीत. पँटच्या पुढच्या खिशात फोन ठेवून बसलात की तो मांडीत रुततो आणि उठल्यावर त्याचा चौकोनी ठसा कापडावर उमटलेला असतो. शेजारचा माणूस हातभर अंतरावर बसलेला असणार, म्हणून अत्तर अगदी थोडं लावा.

मुलीच्या जागी मुलगा पदवी घेत असता तर आणखी एक गोष्ट सांगितली असती: त्याला पुढे बटणं असलेला शर्टच घालायला लावा. बऱ्याच हूडना पुढे एक फासा असतो, तो शर्टाच्या बटणात अडकवतात. तसं केलं नाही तर हूड मागे सरकून गळ्याला आवळत राहतं. मुलीच्या पोशाखाला पुढे बटण नसेल तर हूड आतून सेफ्टी पिनने गाऊनला टाचता येतं. चार-सहा पिना कोटाच्या खिशात ठेवा. तिला नाही लागल्या तर रांगेतल्या दुसऱ्या कुणाला नक्की लागतील.

संध्याकाळी सगळ्यांनी एकत्र जेवायचं ठरलं असेल तर सूट बदलायची गरज नाही. टाय काढा, शर्ट मात्र बदला. दिवसभर उन्हात बसलेला शर्ट कितीही चांगला असला तरी सातपर्यंत टिकत नाही. एक इस्त्री केलेला शर्ट घडी न घालता, हँगरवरच गाडीत न्या.